डबा परवडतो, तो कुणाला?

(स्त्री-संघटनांच्या कार्यकर्त्यांच्या शिबिरात केलेल्या भाषणाचं शब्दांकन)



सकाळी गटचर्चा चालू असताना मागच्या रांगेतल्या एका ताईंनी मला विचारलं, "तुमचा विषय विकतच्या जेवणाचा आहे. म्हणजे तुम्ही आम्हाला डबा लावा असं सांगणार, की लावू नका असं सांगणार?" मी म्हटलं, जेवणं होऊ द्या, मग बोलू. आता जेवणं झाली आहेत, डोळे जड झाले आहेत, तरी उत्तर द्यायचा प्रयत्न करते.

मी नऊ वर्षं वस्तीत काम करते आहे. सल्ला केंद्रात येणाऱ्या तक्रारींमध्ये मारहाण, संशय, दारू हे असतंच. पण त्या दिवशी भांडण कशावरून सुरू झालं असं विचारलं, तर फार वेळा उत्तर येतं ते ताटावरून. पोळी गार होती, भाजीत मीठ नव्हतं, डबा वेळेवर भरला नव्हता. तेव्हा स्वयंपाक हा आपल्या चळवळीतला किरकोळ विषय आहे असं मी मानत नाही.

गेल्या काही वर्षांत या विषयाला एक नवीन प्रश्न जोडला गेला आहे. महिन्याचे पैसे भरून डबा लावावा का? पोळी-भाजी केंद्रातून पोळ्या आणाव्यात का? निवडलेली मेथी, सोललेला लसूण विकत घ्यावा का? आणि परदेशात तर याच्या पुढची पायरी आहे. एका माणसाला लागेल तेवढा तांदूळ, तेवढीच भाजी, मोजून बांधलेला मसाला आणि सोबत कृतीचा कागद, असं सगळं खोक्यात घालून दर आठवड्याला घरपोच पाठवतात. आपण फक्त शिजवायचं. स्वीडनमध्ये २००७ च्या सुमारास ही पद्धत सुरू झाली, २०११ मध्ये बर्लिनला हॅलोफ्रेश आणि २०१२ मध्ये न्यूयॉर्कला ब्लू एप्रन या कंपन्या निघाल्या.

न्यू जर्सीत राहणाऱ्या माझ्या मावसबहिणीने हे खोकं काही महिने घेतलं होतं. एका माणसाच्या एका जेवणाला साधारण दहा डॉलर पडत. मी तिला विचारलं, "चिरायचं तूच, शिजवायचं तूच, भांडी तुझीच, मग पैसे कशाचे देत होतीस?" ती म्हणाली, "आज काय करायचं, हे डोक्यातून जायचं ना, त्याचे." हे वाक्य मी विसरलेले नाही. फ्रिजमध्ये काय उरलंय, कुणाला काय चालत नाही, डाळ कधी भिजत घालायची, गॅस किती दिवस पुरेल, हे सगळं बाईच्या डोक्यात दिवसभर चालू असतं. हे काम आहे असं आपण कधी म्हटलं नाही. बाजाराने मात्र ते ओळखलं आणि त्याला किंमत लावली.

पण ती किंमत टिकली का? ब्लू एप्रनचा शेअर २०१७ साली बाजारात आला तेव्हा दहा डॉलरना विकला गेला होता, कंपनीची किंमत जवळपास दोनशे कोटी डॉलर धरली जात होती. २०२३ साली ती कंपनी सुमारे दहा कोटी तीस लाख डॉलरना विकली गेली. सुरुवातीच्या सवलतीत लोक खोकं मागवत आणि सवलत संपली की बंद करत. माझ्या बहिणीनेही तेच केलं. "परवडेना" हे तिचं कारण. आपल्या वस्तीतलं कारणही तेच. म्हणून आज मला या एका शब्दाविषयी बोलायचं आहे. परवडणं. हा हिशेब कोण मांडतं, कुणाच्या नावावर मांडतं आणि त्यात काय धरतं?

आमच्या गटातल्या एका मैत्रिणीची गोष्ट सांगते. ती पतपेढीत काम करते, पगार १४,००० रुपये. नवऱ्याचा पगार २२,०००. दोन मुलं आणि सासूबाई. ती पहाटे साडेचारला उठायची. एकदा तिने घरात विषय काढला की सगळा स्वयंपाक मीच करीन, पण रोजच्या बारा पोळ्या केंद्रातून आणू या. नवरा म्हणाला, "अगं, तुझा पगार केवढा आणि त्यातून पोळ्या विकत? परवडेल का?" ती गटात येऊन म्हणाली, "ताई, ते म्हणतात ते खरं आहे का, ते मला कागदावर मांडून दाखवा."

आम्ही कागद घेऊन बसलो. केंद्रात पोळी दहा रुपयांना. बारा पोळ्यांचे १२० रुपये. घरी करायच्या तर पाव-दीड पाव नाही, चारशे ग्रॅम कणीक लागते. दळणासकट तिचे आणि तेल, गॅसचे मिळून तीस रुपये. म्हणजे रोजचा फरक ९० रुपये. महिन्याचे सव्वीस दिवस धरले तर २,३४० रुपये. आता वेळ. कणीक मळणं, लाटणं, भाजणं, ओटा पुसणं, पोळपाट-तवा धुणं, याला तिला रोज सव्वा तास लागायचा. महिन्याला साडेबत्तीस तास. म्हणजे एक तास वाचवायला ७२ रुपये. आणि तिचा पगार? आठ तास, सव्वीस दिवस. तासाला पडतात ६७ रुपये. गटातल्या सगळ्याजणी गप्प झाल्या. हिशेबाने नवऱ्याचं बरोबर निघालं होतं. ६७ रुपयांना विकलेला तास ७२ रुपयांना परत घेण्यात काय अर्थ आहे?

तेवढ्यात गटातल्या एक वयस्कर बाई म्हणाल्या, "पण पोळ्या ती एकटीच खाते का गं?"

बघा, किती साधा प्रश्न. घरात ३६,००० रुपये येत होते. पोळ्या पाच माणसं खात होती. मग पोळ्यांचा खर्च फक्त तिच्या पगारातून वजा का करायचा? नवऱ्याच्या मोटरसायकलचं पेट्रोल कुणी कधी त्याच्या पगाराशी ताडून बघितलं होतं का? पण पोळी लाटणं हे तिचं काम, म्हणून ते सोडवायचे पैसे तिचे, अशी ती मांडणी होती. आपण एरवी श्रमविभागणी, श्रमविभागणी म्हणतो ना, ती अशी हिशेबाच्या कागदात येऊन बसते. आणि आम्हीसुद्धा, मी धरून, तो कागद तसाच मांडला होता.

आता पोळ्या विकत न आणता आणखी एक मार्ग होता. नवऱ्याने निम्म्या लाटायच्या. तो कुणी सुचवला नाही. का सुचत नाही, त्याचे आकडे सरकारकडेच आहेत. २०२४ च्या वेळ-वापर पाहणीत, देशभरात जे कुणी घरकाम करतात त्यांतल्या बायकांचे रोजचे २८९ मिनिटं त्यात जातात आणि पुरुषांचे ८८. त्यातही घरकामाला हात लावणाऱ्या बायका शंभरात एक्क्याऐंशी आणि पुरुष सत्तावीस. २०१९ साली बायकांचे २९९ मिनिटं जात होते. पाच वर्षांत दहा मिनिटं कमी झाली. बाजारात इतकं सगळं तयार मिळायला लागलं, मिक्सर-कुकर आले, तरी दहा मिनिटं.

त्या मैत्रिणीने पोळ्या लावल्या. खर्च घरखर्चात धरायचा, हे तिने भांडून ठरवून घेतलं. त्या सव्वा तासाचं काय करतेस असं मी तिला नंतर विचारलं. मला वाटलं होतं ती म्हणेल परीक्षेचा अभ्यास करते, वाचते. ती म्हणाली, "झोपते." मला आधी थोडं वाईट वाटलं आणि मग माझीच लाज वाटली. वाचलेला वेळ बाईने काहीतरी उपयोगात आणलाच पाहिजे, हे माझ्याही मनात होतं.

इथपर्यंत मी तुम्हाला डबा लावा असंच सांगते आहे असं वाटेल. पण गोष्ट अर्धीच झाली आहे. दहा रुपयांची ती पोळी लाटते कोण?

तीही आमच्याच वस्तीतली. ती केंद्रात सहा तास उभी राहते. लाटणं आणि भाजणं दोन्ही तिच्याकडे. पोळीमागे तिला एक रुपया मिळतो. हात चांगला चालला तर तासाला पन्नास होतात, म्हणजे दिवसाचे ३००. रजा नाही, आजारपणाचे पैसे नाहीत, उन्हाळ्यात तव्यापुढे पंखा लावता येत नाही. घरी गेली की स्वतःच्या घरच्या पोळ्या आहेतच. ती एकदा हसत हसत म्हणाली, "मला एक पोळी विकत घ्यायची तर दहा लाटायला लागतात." म्हणजे आपल्या एका मैत्रिणीचा सव्वा तास मोकळा झाला, तो दुसऱ्या मैत्रिणीच्या खांद्यावर गेला. घरातल्या पुरुषाच्या दिवसात एका मिनिटाचाही फरक पडला नाही.

आपल्या मुंबईला हा प्रश्न नवा नाही. गिरणगावात एकट्याने राहणाऱ्या गिरणी कामगारांना जेवू घालणाऱ्या खानावळवाल्या बायकांनी तो आधीच झेलला होता. दहा बाय बाराच्या खोलीत पहाटेपासून रात्रीपर्यंत पाळ्यांप्रमाणे स्वयंपाक. कामगार पैसे देणार पगार झाल्यावर, वाण्याचं सामान मात्र उधारीवर आणि सावकाराच्या व्याजावर. प्रेमाताई पुरव यांनी १९७५ साली या बायकांना एकत्र करून अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं आणि राष्ट्रीयीकृत बँकेचं कर्ज त्यांच्या दारापर्यंत आणलं. ज्या बाईकडे तारण म्हणून दाखवायला काही नाही, तिला बँक उभी करत नव्हती. एकमेकींच्या जामिनावर ते कर्ज मिळालं. तिथे जेवणाऱ्याचा भाव न वाढवता बाईच्या हातात दोन पैसे जास्त उरले, कारण मधला सावकार गेला. पुढे १९८२ चा संप झाला, गिरण्या बंद पडल्या, तेव्हा जेवणारेच गेले आणि खानावळवाल्यांचे हाल झाले. पण बायकांनी एकत्र येऊन मधल्या माणसाला बाजूला सारता येतं, हे अन्नपूर्णाने दाखवून दिलं.

आणि डबेवाले? १८९० पासून ते मुंबईत डबे पोचवत आहेत. हार्वर्डच्या व्यवस्थापन शाळेने २०१० साली त्यांच्या कामावर अभ्यास लिहिला. त्यांच्या कष्टांचा मला आदर आहे. पण तो डबा सकाळी नऊच्या आत भरून दारात ठेवणारी जी बाई आहे, तिच्या अचूकपणावर कुणी अभ्यास लिहिलेला माझ्या वाचनात आलेला नाही. तिचा डबा एक दिवस चुकला तर मात्र घरात बोलणी बसतात.

आता मी माझी चूक सांगते. खरं तर ती सांगण्यासाठीच मी हा विषय घेतला.

एमएसडब्ल्यू करताना मला प्रकल्प अहवाल लिहायला शिकवलं होतं. पहिल्या वर्षी वस्तीत आले तेव्हा त्या कौशल्याचा मला फार अभिमान होता. एक बाई आली. नवऱ्याने टाकलेली, हाताला उत्तम चव. बचत गटातून कर्ज काढून डबे सुरू करायचे ठरले. अर्ज मी लिहिला. पंचवीस डबे, महिन्याला डब्याचे २,००० रुपये, जमा ५०,०००. मग खर्चाचे रकाने. किराणा, भाजी, गॅस, भांडी. त्यात एक रकाना होता, 'मजुरी'. मी तिला विचारलं, "मदतीला कुणी ठेवणार का?" ती म्हणाली, "नाही ताई, मीच करीन सगळं." मी त्या रकान्यात लिहिलं, 'स्वतःची', आणि पुढे शून्य टाकलं.

अर्ज मंजूर झाला. डबे चालले, लोक नाव काढत होते. मी तिचं उदाहरण तीन बैठकांमध्ये दिलं. चौदा महिन्यांनी तिने डबे बंद केले. उजवा हात खांद्याच्या वर जात नव्हता आणि कर्जाचे हप्ते शिल्लक होते. तेव्हा कुठे मी तिची वही घेऊन बसले. किराणा आणि भाजी ३५,०००. घरगुती सिलिंडर धंद्याला वापरता येत नाही, म्हणून व्यापारी गॅस, ४,०००. डबे पोचवणाऱ्या मुलाचे ५,०००. हप्ता २,५००. शिवाय लोक गावी गेले की खाडे धरून पैसे कापायचे. कुणी खोली सोडून बुडवून जायचं, त्यात सरासरी २,०००. हातात उरत होते १,५००. रोज सात तास, सव्वीस दिवस, १८२ तास. तासाला आठ रुपये.

ती बाई मला काही बोलली नाही. उलट म्हणाली, "ताई, तुम्ही तरी काय करणार, दर वाढवला असता तर गिऱ्हाईक गेलं असतं." मी घरी येऊन दर वाढवून पाहिला. डब्याचे २,४०० घेतले असते तर महिन्याला १०,००० जास्त आले असते, आणि तिला तासाला ६३ रुपये पडले असते. चारशे रुपयांचा फरक. दिवसाला पंधरा रुपये. पंधरा रुपयांसाठी गिऱ्हाईक गेलं असतं का? काही गेलं असतं, असंच मला आजही वाटतं. पण मग तो २,००० चा डबा स्वस्त होता, याचा अर्थ एवढाच की उरलेले पंधरा रुपये ती रोज आपल्या खांद्यातून भरत होती.

हे शून्य मी एकटीने लिहिलेलं नाही. सरकारही लिहितं. शाळेत मुलांचं जेवण शिजवणाऱ्या बायकांना केंद्र सरकारने २००९ साली महिना १,००० रुपये मानधन ठरवलं, तेही वर्षातल्या दहाच महिन्यांचं. राज्याने त्यात आपली भर घातली, तीही बायकांनी मोर्चे काढल्यावर. त्याला वेतन म्हणत नाहीत, मानधन म्हणतात. म्हणजे मान द्यायचा आणि धन राखून ठेवायचं. न्यायालयात गृहिणीच्या कामाची किंमत धरली जाते, पण कधी? ती अपघातात गेल्यावर, नुकसानभरपाई ठरवताना. सर्वोच्च न्यायालयाने २००१ साली अशा एका खटल्यात गृहिणीच्या कामाचे महिन्याला ३,००० रुपये धरले होते. २०२१ च्या निकालात तर न्यायमूर्तींनी वेळ-वापराचे आकडे देऊन, गृहिणी काम करत नाहीत किंवा घरात आर्थिक भर घालत नाहीत ही समजूत चुकीची आहे असं स्पष्ट लिहिलं. निकाल चांगलाच आहे. पण बाई मेली की तिचा हिशेब होतो आणि जिवंत असेपर्यंत 'तू दिवसभर करतेस काय', हे आपण किती दिवस चालवून घ्यायचं?

मग सकाळच्या ताईंच्या प्रश्नाचं उत्तर. डबा लावायचा की नाही? मी म्हणेन, ज्या बाईला गरज आहे तिने जरूर लावावा, आणि त्यात अपराधी वाटून घेऊ नये. आईच्या हातची चव, अन्नपूर्णा वगैरे जे शब्द आहेत ते पुष्कळ वेळा बाईला ओट्याशी बांधून ठेवायला वापरले जातात. पण लावताना तीन प्रश्न विचारावेत. पहिला, हा खर्च कुणाच्या पगारातून वजा होतो आहे? तो सगळ्या घराचा धरा. दुसरा, या पैशातून शिजवणाऱ्या बाईला तासाला काय पडतं? विचारायला लाजू नका. भाजीवालीला आपण कोथिंबिरीची जुडी फुकट मागतो तेव्हा लाजत नाही. आणि तिसरा, डबा आल्यामुळे घरातल्या पुरुषाची सुटका झाली, की बाईची? विकत आणलेल्या पोळ्या पानात वाढणं आणि डबे घासणं जर तिच्याकडेच राहिलं, तर त्या कामाची वाटणी अजून झालेलीच नाही.

ज्या मैत्रिणी बचत गटांचं काम करतात त्यांना माझी वेगळी विनंती आहे. अर्जातला मजुरीचा रकाना रिकामा सोडू नका. बाई म्हणेल, मीच करणार आहे. तरी तिचे तास मोजा, त्यांचा दर लिहा आणि मग डब्याची किंमत काढा. ती किंमत बाजारात चालत नसेल, तर ते धंदा सुरू होण्याआधीच कळू द्या. खांदा गेल्यावर कळून उपयोग नाही. दहा-बारा डबेवाल्या मिळून किराणा घाऊक आणता येतो, डबे पोचवायला एक माणूस ठेवता येतो, दर एकत्र ठरवता येतो. एकटीने दर वाढवला तर गिऱ्हाईक शेजारणीकडे जातं. सगळ्यांनी मिळून ठरवला तर त्याला जायला जागा राहत नाही. आमच्या वस्तीत सात जणींनी असं ठरवायला सुरुवात केली आहे. अजून भांडणंच जास्त होतात, पण त्या एका चटईवर बसतात.

शेवटचं सांगते आणि थांबते. आत्ता आपण जे जेवलो ते इथल्याच एका बचत गटाने केलेलं होतं. संयोजकांनी मला हिशेब दाखवला. गटाने ताटाला ११० रुपये सांगितले होते. आपण 'चळवळीचं काम आहे, थोडं बघा' म्हणून ते ९० वर आणले. साठ ताटांचे बाराशे रुपये वाचले. पोळ्या सगळ्यांना आवडल्या, मी बघत होते. त्या करणाऱ्या पाचजणी मागच्या पडवीत आत्ता जेवायला बसल्या आहेत.

आपल्या संघटनेलाही पैशाची ओढ आहे हे मला माहीत आहे. तरी चहाच्या आधी आपण हे बाराशे रुपये परत द्यायचे की नाही, यावर दहा मिनिटं बोलावं, अशी माझी सूचना आहे. त्या पाचजणींनाही आत बोलावू या. दर त्यांचा आहे, त्याचा हिशेब त्यांच्यासमोरच होऊ दे.